हॉर्नचा रिले

स्टार्टर फिरतो, गाडी पेटत नाही.
चावी अर्ध्यावर थांबव, आर्विड हाकाला म्हणतो,
आणि मागच्या सीटखाली कान दे.
पंप दोन सेकंद घुमायला हवा,
डबीत अडकलेल्या माशीसारखा.
मी कान देते.
माशी नाही.

डलुथ. जानेवारी. उणे चोवीस.
खाली सरोवर गोठून पडलंय,
त्यावरून येणारा वारा
माझ्या आधी बोनेटखाली शिरतो.
आर्विड ब्याऐंशीचा. चाळीस वर्षं
लोहखनिजाच्या गोदीवर इंजिनं दुरुस्त केली,
कान तिथेच ठेवून घरी आला.
आता बोटंही थरथरतात,
म्हणून डोकं त्याचं, हात माझे.

आधी फ्यूज, तो म्हणतो. नेहमी आधी फ्यूज.
स्वस्त वस्तूवर पहिला संशय घ्यावा, पैसे वाचतात.
काळ्या डबीचं झाकण उघडते, आत रंगीत दात:
तांबडे दहाचे, निळे पंधराचे, पिवळे वीसचे.
चिमट्याने निळा उपटते, आभाळापुढे धरते.
आतली तार शाबूत.
तुटली असती तर सोपं होतं.

शेजारच्या खाचेत मात्र तिसाचा हिरवा बसलाय,
झाकणावर तर दहा लिहिलेत.
आधीच्या मालकाची करामत.
आर्विड तो काढायला लावतो, खिशात टाकतो,
बाहेर असू नये अशी वस्तू असल्यासारखा.
फ्यूज कमजोरच असावा लागतो, म्हणतो.
तो जळायला तयार नसला की वायर जळते,
मग आख्खी गाडी.
मला आमच्या घरातली एक-दोन माणसं आठवतात.
नावं घेत नाही.

मग रिले. काड्यापेटीच्या निम्म्या आकाराचा ठोकळा.
आत इवलीशी वीज
थोरल्या विजेला दार उघडून देते,
उघडताना टिक् होतं.
आर्विड हातमोजा काढतो,
उघडं बोट ठोकळ्यावर ठेवतो.
फिरव चावी.
फिरवते. तो डोळे मिटतो.
माझे आप्पा इचलकरंजीत मागावर असाच तळवा ठेवायचे,
चोवीस मागांच्या खडखडाटात
कान काय कामाचे?
मेलाय, आर्विड म्हणतो.
पुन्हा फिरवते.
मेलाच आहे.

दुकानवाला फोनवर सांगतो, मागवावा लागेल, बुधवार उजाडेल.
माझी ड्यूटी तीनला.
आर्विड झाकणावरच्या नकाशावर बोट फिरवत राहतो,
मग थांबतो. हॉर्नचा रिले बघ.
तोच नंबर, तेच चार पाय.
हॉर्नवाचून गाडी चालते, पंपावाचून नाही.

अदलाबदल. चावी.
त्याचं बोट तिथेच, मिशी तेवढी हलते.
मला टिक् ऐकू येतं,
मागे माशी जागी होते,
इंजिन एकदा खोकतं आणि धरतं.

वूडलंड अव्हेन्यूच्या उतारावर, वळणापाशी, हरणी.
रस्त्याच्या मधोमध उभी,
घरपट्टी तीच भरत असल्यासारखी.
हॉर्न दाबते. ढिम्म.
मीच तर काढून घेतलाय त्याचा जीव.
काच खाली करते, उणे चोवीस तोंडात शिरतं,
आणि एकोणीस वर्षं या गावात
हळूच ‘एक्सक्यूज मी’ म्हणत आलेल्या गळ्यातून
इचलकरंजी बाहेर पडते:
अगं ए भवाने, सरक की बाजूला!

हरणी सरकली.
अंगणातला बर्फ उपसणारा एक माणूसही
दोन पावलं मागे सरकला.

नवा रिले सोळा डॉलरला आला.
कप्प्यात पडून आहे, नकाशाखाली.
बसवला का, आर्विड रोज कुंपणावरून विचारतो.
मी काहीतरी पुटपुटते.
त्याला ऐकू येत नाही,
आणि तो हसतो.